शब्दांचा मेजर : थॉमस कँडी

प्रथम वर्षाला असताना भूगोलाच्या तासाला सरांनी एका इंग्रजी संदर्भग्रंथातील उतारा मला मोठ्याने वाचावयास सांगितला. चार ओळी बऱ्या गेल्या. पाचव्या ओळीत एका खडकाचे नाव आले. स्पेलिंगच्या आरंभी जी, त्याला लागून एन. मी आपला ‘ग्नेइस’ म्हणून मोकळा झालो! मागच्या बाकांवरून हशा उठला. खरा उच्चार ‘नाइस’ असा आहे, हे सरांनी सांगितल्यावर कळले. हसणाऱ्यांपैकी किती जणांना तो आधी ठाऊक होता, हा प्रश्न वेगळा. शिवाय आमचा सारा खानदेश काळ्या पत्थरावर वसलेला. हा पट्ट्यापट्ट्यांचा ‘नाइस’ खडक आमच्या गावाकडे कोणी पाहिलेलाच नाही. मराठीत त्याला ‘पट्टिताश्म’ म्हणतात, तेही त्याच दिवशी समजले. आणि खरे सांगायचे तर तो मराठी शब्द उच्चारतानाही जीभ अडखळलीच.

घरी अहिराणी, शाळेत पुस्तकी मराठी आणि महाविद्यालयात पाऊल टाकताच समोर इंग्रजी ग्रंथ, असा आमच्यापैकी अनेकांचा प्रवास आहे. सर रागावले नाहीत. कोश पाहण्याची सवय लावून घे, एवढेच म्हणाले. म्हणून एका वाचनालयात जाऊन मी इंग्रजी-मराठी कोश मागितला. ग्रंथपालांनी काय समजून कोण जाणे, पिवळ्या पानांचा एक जुना जाडजूड ग्रंथ काढून दिला. त्यात अर्थ भरपूर होते, एकेका शब्दापुढे मराठी शब्दांची रांग होती. पण उच्चार कोणत्याच शब्दाचा दिलेला दिसेना. मुखपृष्ठाच्या आतल्या पानावर दोन नावे होती : मोल्सवर्थ आणि कँडी. मोल्सवर्थचे नाव मराठीच्या विद्यार्थ्याने ऐकलेले असते. कँडी मात्र बहुतेकांना विरामचिन्हांपुरताच ठाऊक. परीक्षेत ‘टीपा लिहा’ या प्रश्नात तो येतो आणि चार गुण देऊन निघून जातो. ज्याने सुमारे पन्नास वर्षे मराठी शब्दांच्या संगतीत काढली, त्याची एवढ्यावर बोळवण करणे मला बरे वाटले नाही. म्हणून हा लेख.

थॉमस कँडी यांचा जन्म १८०४ साली इंग्लंडमध्ये झाला. जॉर्ज हा त्यांचा जुळा भाऊ. दोघे भाऊ ऑक्सफर्डला शिकले आणि १८२२ साली, वयाची अठरा वर्षेही पुरी झाली नव्हती तेव्हा, ईस्ट इंडिया कंपनीच्या लष्करात नोकरीसाठी हिंदुस्थानात आले. पेशवाई बुडून चारच वर्षे झाली होती. पुण्यापासून आपल्या खानदेशापर्यंतचा मुलूख नुकताच कंपनीच्या हाती आला होता. धुळ्याला कॅप्टन ब्रिग्ज याने कारभाराचे ठाणे घातले होते. मुलूख हाती आला, पण तिथल्या माणसांचे बोलणे हाती आलेले नव्हते. शिपाई मराठी बोलणार, पाटील-कुळकर्णी मोडीत कागद लिहिणार, आणि हुकूम इंग्रजीत निघणार. या दोहोंमध्ये दुभाष्याची गरज होती. पलटणीतील हुशार तरुण अधिकाऱ्यांना देशी भाषांची परीक्षा देऊन ‘इंटरप्रिटर’ची जागा मिळे. कँडी बंधू या वाटेने मराठीपाशी आले. पोटासाठी म्हणजे नोकरीसाठीच आले, यात लपवण्यासारखे काही नाही. आपणही इंग्रजीकडे त्याच वाटेने जातो.

तेथे त्यांची गाठ जेम्स मोल्सवर्थ या अधिकाऱ्याशी पडली. मोल्सवर्थ हा वयाने नऊ वर्षांनी वडील आणि स्वभावाने विलक्षण. मराठी शब्द वेचण्याचा त्याला ध्यास लागला होता. सरकारने पुढे या कामाला मान्यता दिली, तेव्हा कँडी बंधू त्याचे साहाय्यक झाले. मदतीला ब्राह्मण शास्त्रीमंडळी होती. बोलण्यातले, बखरींतले, बाजारातले, शेतातले शब्द गोळा करायचे, शास्त्र्यांकडून ताडून घ्यायचे आणि इंग्रजीत त्यांचा अर्थ लिहायचा, असा हा उद्योग. यातून १८३१ साली मुंबईत मराठी-इंग्रजी कोश छापून निघाला. त्याच कोशाची वाढवलेली दुसरी आवृत्ती १८५७ साली निघाली, तीत सुमारे साठ हजार शब्द आहेत. आजही एखादा जुना शब्द अडला की आपले प्राध्यापक तिच्याकडेच बोट दाखवतात. या कोशाच्या मुखपृष्ठावर जॉर्ज आणि थॉमस कँडी यांची नावे साहाय्यक म्हणून आहेत. मोल्सवर्थला लोक प्रेमाने ‘मोलेसरशास्त्री’ म्हणू लागले. कँडींना असे नाव कोणी दिल्याचे ऐकिवात नाही. साहाय्यकाच्या वाट्याला सहसा टोपणनाव येत नाही.

पहिला कोश झाला, आता उलटा कोश हवा होता : इंग्रजी शब्द आधी आणि मराठी अर्थ नंतर. मोल्सवर्थने तो हातीही घेतला. परंतु लष्कराची नोकरी त्याच्या धर्मबुद्धीला पटेनाशी झाली होती, प्रकृतीही ढासळली होती. १८३६ साली तो मायदेशी गेला. अर्धे राहिलेले काम थॉमस कँडी यांच्याकडे आले. ते १८४७ साली पुरे झाले. आपल्यापुढचा प्रश्न, म्हणजे परक्या शास्त्रीय शब्दाला मराठीत अर्थ कसा द्यावा, हा याच कामात कँडींना रोज पडत होता. म्हणून येथे थोडे थांबू.

मराठी शब्दाला इंग्रजी अर्थ देणे त्या मानाने सोपे. ‘मोट’ हा शब्द आला, तर मोट विहिरीवर चालू आहे. ती जाऊन पाहावी आणि वर्णन करावे. इंग्रजी-मराठी कोशात गोष्ट उलटी होते. इंग्रजी शब्द समोर आहे, पण ती वस्तूच या मुलखात नाही, किंवा ती कल्पनाच येथे कोणी मांडलेली नाही. वायूचा दाब मोजण्याचे यंत्र, वनस्पतीच्या फुलातले बारीक भाग, रसायनातली मूलद्रव्ये, विजेचे प्रयोग यांना शास्त्रीबुवांकडे शब्द कोठून असणार? अशा वेळी कोशकारापुढे तीन वाटा असतात. जुन्या शास्त्रात तयार शब्द असेल तर तो घ्यावा. ज्योतिषाने आणि गणिताने व्यास, त्रिज्या, अक्षांश, ग्रहण असे घासूनपुसून लख्ख झालेले शब्द दिलेलेच होते. तेथे अडचण नाही. जेथे तयार शब्द नाही तेथे संस्कृत धातूंपासून नवा घडवावा. आणि तेही साधत नसेल तर एका शब्दासाठी अख्खे वाक्य लिहावे, म्हणजे व्याख्या द्यावी. चौथी एक वाट आहे : इंग्रजी शब्दच नागरीत लिहून टाकणे. विद्वान ती पत्करायला नाखूश असतात, बाजार मात्र तीच धरतो.

या कामात कँडी एकटे नव्हते, हेही सांगितले पाहिजे. मुंबईत जॉर्ज जर्व्हिस या इंजिनिअर अधिकाऱ्याने १८२० नंतरच्या वर्षांत गणिताची पुस्तके मराठीत आणवली होती. बाळशास्त्री जांभेकरांनी कलनशास्त्रासाठी ‘शून्यलब्धि’ हा शब्द योजला होता. हरि केशवजी यांनी रसायनशास्त्राची ओळख गुरुशिष्य-संवादाच्या रूपाने मराठीत करून दिली होती. प्रत्येकजण आपापल्या टेबलावर नवे शब्द पाडत होता. त्यांतले काही जगले, काही गेले. ‘शून्यलब्धि’ गेला, मला तो ‘कलना’पेक्षा अधिक अर्थवाही वाटतो, पण आता त्याचे काय! कोशकाराला या साऱ्यांची नोंद घेऊन शब्दापुढे शब्द मांडावे लागत. कँडींचे श्रम किती असतील याची कल्पना हवी असल्यास एक प्रयोग करून पाहावा. कोणत्याही विज्ञानाच्या इंग्रजी पुस्तकाचे एक पान घ्यावे आणि त्यातील प्रत्येक नामाला, शेजारच्या आजोबांना कळेल असा, मराठी शब्द लिहावा. मी भूगोलाच्या पुस्तकाचे एक पान घेतले होते. सहाव्या शब्दावर थकलो.

दरम्यान कँडींचे कार्यक्षेत्र पुण्यात स्थिर झाले. विश्रामबागवाड्यात सरकारने १८२१ साली संस्कृत पाठशाळा काढली होती. १८३७ पासून तिची देखरेख कँडींकडे आली. १८५१ साली पाठशाळा आणि इंग्रजी शाळा एकत्र होऊन पूना कॉलेज झाले, तेव्हाही सूत्रे त्यांच्याच हाती होती. हेच कॉलेज पुढे डेक्कन कॉलेज म्हणून प्रसिद्ध झाले. कृष्णशास्त्री चिपळूणकर हे त्या पाठशाळेचे विद्यार्थी, आणि भाषांतराच्या कामात पुढे कँडींचे सहकारी.

याच काळात मुंबई इलाख्यात एक मोठा वाद पेटला होता. नेटिवांना वरचे शिक्षण कोणत्या भाषेतून द्यावे? शिक्षणमंडळाचे अध्यक्ष एर्स्किन पेरी इंग्रजीच्या बाजूचे. जर्व्हिस आणि जगन्नाथ शंकरशेट देशी भाषांच्या बाजूचे. वाद ऐन भरात आला तो १८४७ च्या सुमारास, म्हणजे कँडींचा कोश बाहेर पडत असतानाच. कँडींनी आपले मत त्याआधीच, १८४० च्या सुमारास, सरकारला कळवले होते. त्यांचा आशय असा : नवे ज्ञान इंग्रजीतून घ्यावे, त्यासाठी इंग्रजीचा अभ्यास जितका वाढेल तितका चांगला; पण बहुजनांपर्यंत ते पोचवायचे तर त्यांच्याच भाषेतून पोचवले पाहिजे; आणि ही भाषा त्यासाठी समर्थ करायची तर संस्कृतच्या कोठारातून शब्द आणले पाहिजेत. पुण्याच्या पाठशाळेचा प्रमुख संस्कृतचा पक्ष घेणार हे उघडच होते, तरी मधला मुद्दा त्यांच्या पदरात टाकलाच पाहिजे. साहेब असून मराठी माध्यमाचा आग्रह त्यांनी धरला. वादात जय कोणाचा झाला हे आपण जाणतोच. १८५७ साली मुंबई विद्यापीठ निघाले ते इंग्रजी माध्यमाचे. ज्या कोशाने मराठीत शास्त्रे शिकवणे शक्य व्हावे, तोच कोश इंग्रजी शिकणाऱ्या विद्यार्थ्यांच्या पाठांतरासाठी उपयोगी पडू लागला.

कँडी सरकारचे मराठी भाषांतरकार झाले. कायदे, जाहिरनामे, शाळेची पुस्तके, सर्व त्यांच्या नजरेखालून जाई. १८४८ साली त्यांनी ‘नीतिज्ञानाची परिभाषा’ हे पुस्तक काढले आणि १८५० साली ‘विरामचिन्हांची परिभाषा’. या दुसऱ्या छोट्या पुस्तकाने मराठी छापाचे रूप पालटले. त्यापूर्वीचे मराठी लेखन पाहा : वाक्य कोठे संपले हे वाचणाऱ्याने आपल्या अकलेने ठरवायचे. मोडीत तर दोन शब्दांमध्येही जागा नाही. आज मी हा लेख लिहिताना जे स्वल्पविराम आणि अर्धविराम देत आहे, ते त्या पुस्तिकेचे देणे आहे. पुढे १८५७ नंतर शाळाखात्यासाठी मराठी क्रमिक पुस्तकांची माला त्यांच्या देखरेखीखाली तयार झाली. मुंबई इलाख्यातील मराठी शाळांत ती चालत असे, आणि खानदेश याच इलाख्यात होता.

कँडींवर टीकाही झाली आणि ती निराधार नव्हती. त्यांच्या हाताखालून गेलेली मराठी शुद्ध असे, परंतु तिला इंग्रजी वाक्यरचनेचे वळण लागले, बोलण्यातला जोर गेला, असे पुढच्या पिढीचे म्हणणे पडले. एका परकीयाने आमच्या लेखकांची मराठी तपासावी हेही त्या पिढीला खुपत होते. मला वाटते, दुसरी एक उणीव याहून मोठी होती. पुण्याच्या शास्त्र्यांनी घडवलेले शब्द पुण्याच्या शास्त्र्यांना कळत. तापीकाठच्या कुणब्याला ते इंग्रजीइतकेच परके. त्याच्यापर्यंत शास्त्रीय शब्द पोचले ते कोशातून नव्हेच. १८६० नंतरच्या दशकात आगगाडी जळगाव-भुसावळला आली आणि तिच्याबरोबर इंजिन, सिग्नल, स्टेशन, बायलर हे शब्द आले. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे कापसाला भाव चढला, जळगाव ही कापसाची मोठी पेठ झाली आणि सरकी काढण्याचे कारखाने निघाले. त्या कारखान्याला आपल्याकडे ‘जिन’ म्हणतात. बाई ‘जिनात’ कामाला जाते. हा ‘जिन’ म्हणजे ‘इंजिन’ या शब्दाचाच इंग्रजांनी तोडलेला तुकडा आहे, हे त्या बाईला ठाऊक असण्याचे कारण नाही. शब्द मात्र तिच्या तोंडी पुरता रुळला आहे.

कापसाचा विषय निघाला म्हणून एक गंमत सांगतो. कापसाच्या व्यापारात आजही भाव ‘कँडी’ या मापाने सांगतात. एक कँडी म्हणजे सुमारे ३५६ किलो. हा शब्द इंग्रजी वाटतो, पण तो आपल्या ‘खंडी’चा साहेबी उच्चार आहे. इंग्रजाला ‘ख’ म्हणता येईना, त्याने ‘कँडी’ केले, आणि आता आपण तेच परत घेऊन बसलो आहोत! त्याच्या वर्गात कोणी हसले नसावे. आमच्या कोशकार कँडींच्या आडनावाचा मात्र या खंडीशी काही संबंध नाही. उलट त्यांचे आडनाव लिहिताना मराठी माणसाची पंचाईत झाली. ‘ए’ आणि ‘आ’ यांच्या मधला तो इंग्रजी स्वर दाखवायला तेव्हा नागरीत चिन्हच रूढ नव्हते. म्हणून जुन्या छापात ‘क्यांडी’ असे लिहीत, जसे ‘ब्यांक’ आणि ‘म्याजिस्ट्रेट’. डोक्यावरचा अर्धचंद्र पुढे आला. उच्चार लिहून दाखवण्याची सोय लिपीतच अपुरी होती. कँडींच्या कोशात उच्चार का नाहीत, याचे एक कारण यात असावे. दुसरे कारण सरळ आहे. तो कोश वापरणारा बहुधा मराठी शिकणारा साहेब असे, किंवा साहेबाच्या समोर बसून इंग्रजी शिकलेला मुंबई-पुण्याचा विद्यार्थी. त्यांना उच्चार कानावरून मिळत. केवळ छापील पुस्तकावरून इंग्रजी शिकणारा खेड्यातला मुलगा त्यांच्या डोळ्यांपुढे नसावा.

त्या मुलाची अडचण ध्यानात घेतली ती नीळकंठ बाबाजी रानडे यांनी. १९०३ ते १९१६ या काळात त्यांनी विसाव्या शतकाचा म्हणून जो इंग्रजी-मराठी कोश खंडशः प्रसिद्ध केला, त्यात शब्दाचा उच्चार, व्युत्पत्ती आणि अर्थ ही तिन्ही अंगे आहेत, आणि शास्त्रीय शब्दांना भरघोस जागा आहे. व्युत्पत्ती जवळ असली की उच्चाराचे कोडेही पुष्कळसे सुटते, हा माझा अनुभव. पी-एन, पी-एस, पी-टी, एम-एन अशी जोडाक्षरे शब्दारंभी दिसली की समजावे, शब्द ग्रीकातून आला आहे. ग्रीक माणूस ती दोन्ही अक्षरे उच्चारत असे. इंग्रजाच्या जिभेला ती पेलली नाहीत, त्याने पहिले अक्षर बोलण्यातून गाळले आणि स्पेलिंगमध्ये तसेच ठेवले. म्हणून फुप्फुसाचा दाह तो ‘न्यूमोनिया’, मनाचे शास्त्र ते ‘सायकॉलॉजी’, स्मरणाची युक्ती ती ‘निमॉनिक’. क्षयाच्या जुन्या वैद्यकीय नावात आरंभी चार व्यंजने आहेत, पण म्हणायचे केवळ ‘थायसिस’. दोन भूभागांना जोडणारी चिंचोळी पट्टी, संयोगभूमी, हिच्या स्पेलिंगमध्ये मध्ये टी-एच आहे, उच्चार ‘इस्मस’. माझा ‘नाइस’ तेवढा ग्रीक नव्हे, तो जर्मनांकडून आला. जर्मन माणूस आरंभीचा ग अजून म्हणतो. तेव्हा त्या दिवशी मी अगदीच चुकलो नव्हतो, फक्त देश चुकला होता.

एक शब्द मात्र आपल्या घरचा आहे. धुळे-नंदुरबारकडे जाताना माळावर काळ्या दगडाच्या लांबच लांब भिंती उभ्या दिसतात. जमिनीच्या भेगांत तप्त रस शिरून थिजला आणि भोवतालचा खडक झिजून गेल्यावर त्या उघड्या पडल्या. इंग्रजीत याला ‘डाइक’ म्हणतात, मराठी भूविज्ञानात ‘भित्ती’. हा शब्द कोणाही खानदेशी माणसाला समजावून सांगावा लागत नाही, भिंतीकडे बोट दाखवले की पुरे. कँडींना सगळे शब्द असे मिळते तर!

मोल्सवर्थ १८५१ साली पुन्हा हिंदुस्थानात आला, त्या १८५७ च्या दुसऱ्या आवृत्तीचे काम करून मायदेशी परतला आणि तिकडेच वारला. कँडी येथेच राहिले. आपल्या इंग्रजी-मराठी कोशाची सुधारून वाढवलेली दुसरी आवृत्ती त्यांनी १८७३ साली काढली. तेव्हा त्यांचे वय एकोणसत्तरच्या घरात होते. पहिल्या आवृत्तीनंतरच्या सव्वीस वर्षांत आगगाडी आली होती, तारायंत्र आले होते, विद्यापीठ निघाले होते, आणि शब्दांची रास वाढतच होती. अठराव्या वर्षी ज्या देशात ते शिपाईगिरीसाठी आले, त्याच देशात १८७७ साली महाबळेश्वर येथे त्यांचे निधन झाले.

तो पिवळ्या पानांचा ग्रंथ वाचनालयातून घरी नेता येत नाही. मी तेथेच बसून पाहतो. शेजारी रानडे यांच्या कोशाचा खंड उघडून ठेवावा लागतो : अर्थ इकडे पाहायचा, उच्चार तिकडे. वहीत आतापर्यंत एकशे बारा शब्द उतरवले आहेत. भूगोलाच्या सरांनी ती वही मागितली आहे.